पावण्यांच्या खोलीत तार नव्हती

आमच्या कोल्हापुरात ऐकणारा माणूस एकच होऊन गेला आणि तो म्हणजे आमचे पावणे. बाकी आम्ही सगळे बोलणारे. गल्लीच्या एका टोकाला कानात सांगितलेलं दुसऱ्या टोकाच्या दुकानदारानं ऐकून वर त्यावर आपलं मत द्यावं, असा आमचा आवाज. त्यात ऐकायला सवड कुणाला? एवढं लिहून मी थांबलो, कारण पुढचं लिहायचं मी बरीच वर्षं टाळत आलो आहे. कधी डोळ्यांचं कारण सांगितलं, कधी घरातल्या कार्यांचं. आता डोळ्यांचं ऑपरेशन झालं, घरातली कार्यं उरकली, आणि परवा एका बारशात पावण्यांचा विषय निघाला तेव्हा शेजारचा एक गृहस्थ म्हणाला, "ते व्हय? खोटं लिहिणाऱ्या कॉम्प्युटरवालं?" आणि पंगत हसली. मी हातातली जिलबी ताटात परत ठेवली. तो कॉम्प्युटर खोटं लिहीत नव्हता. एक अक्षरही खोटं लिहीत नव्हता. हे मी सहीनिशी सांगायला तयार आहे, आणि ज्यांना हसायचं आहे त्यांनी शेवटपर्यंत वाचून मग खुशाल हसावं.

नातं सांगायचं तर ते माझ्या थोरल्या बहिणीचे दीर. ते मला पावणं म्हणायचे, मी त्यांना पावणं म्हणायचो, आणि या एका शब्दावर आमची चाळीस वर्षं निघाली. त्यांचं नाव मी इथे लिहिणार नाही. दुसऱ्याचं नाव उघड करणं हा त्यांच्या लेखी मोठा गुन्हा होता. नोकरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये, ट्रंक बोर्डावर. त्या काळी परगावी बोलायचं तर कॉल नोंदवून तास न् तास वाट बघावी लागे. मग ऑपरेटर दोन गावं जोडून द्यायचा आणि ऐन बोलण्यात मध्येच विचारायचा, "तीन मिनिटं झाली, वाढवू?" आमच्या अर्ध्या शहराच्या सुखदुःखात मध्येच आलेला तो आवाज पावण्यांचा. गुळाचे दर, मोडलेली लग्नं, पुण्या-मुंबईच्या दवाखान्यातून आलेल्या बातम्या, सगळं आधी त्यांच्या कानातून जाई आणि मग घरोघर पोचे. पण त्यांच्या तोंडून कधी एक शब्द बाहेर आला नाही. वहिनींच्या, म्हणजे त्यांच्या पत्नीच्या, सख्ख्या भावाचं ठरलेलं लग्न मोडलं, ते यांना चार दिवस आधी ठाऊक होतं. वहिनींना कळलं पोस्टकार्डानं. त्यांनी आठवडाभर नवऱ्याला बिनमिठाची आमटी वाढली. पावण्यांनी ती तक्रार न करता खाल्ली. "ह्यांच्या कानात इहीर हाय," वहिनी म्हणायच्या, "पडलेलं वर येत न्हाय."

तीन मिनिटांची सवय मात्र त्यांना जन्मभर चिकटली. कुणी त्यांच्याशी बोलायला लागलं की तीन मिनिटांनी त्यांचा हात आपोआप वर जायचा आणि "वाढवू?" असं अदबीनं विचारलं जायचं. डॉक्टरांना विचारलं, भटजींना विचारलं, सांत्वनाला आलेल्या व्याह्यांनासुद्धा विचारलं. एका लग्नात एक पुढारी आशीर्वादाला उभे राहिले आणि मुहूर्त टळायची वेळ आली, तरी धरणांबद्दलच बोलत राहिले. तिसऱ्या रांगेतून पावण्यांचा स्वच्छ आवाज आला, "तीन मिनिटं झाली, वाढवू?" आणि सगळा मांडव एका सुरात म्हणाला, "नको!"

निवृत्तीनंतर माणसं देवाधर्माला लागतात; पावणे कॉम्प्युटरच्या क्लासला लागले. नव्वदच्या दशकाची मधली वर्षं होती. राजारामपुरीतल्या त्या क्लासात, नातवंडं शोभतील अशा पोरापोरींमध्ये, पहिल्या बाकावर हे धोतर सावरून बसलेले. तिथे कुणीतरी इंग्रजी बोललेलं आपोआप टाइप करणारा प्रोग्राम दाखवला आणि पावणे दोन दिवस जेवले नाहीत. तिसऱ्या दिवशी माझ्याकडे आले. म्हणाले, "पावणं, ज्याला लिहाय येत न्हाय, त्येच्या घरात गुपित ऱ्हात न्हाय. बायकोला चार वळी लिवायच्या तरी तिसऱ्यापुढं तोंड उघडायला लागतंय. आपण मराठीत करू. ऐकंल, लिवंल आन् गप बसंल."

पुढची सात-आठ वर्षं त्यांनी हेच केलं. शाहूपुरीतल्या एका दुकानदाराकडून कॉम्प्युटर जुळवून घेतला. त्यात टेलिफोनला जोडायचं मोडेम होतं. पावण्यांनी दुकानातच स्क्रू काढायला घेतले.

"अहो काका, हे असू द्या. जगाशी जोडले जाल!" दुकानदार कळवळला.

"जगाशी जोडलेलाच हुतो की मी, सगळी नोकरी. तारंच्या मधी कान आसतोय. त्यो कान मी हुतो. काढ."

घरातला टेलिफोनही माडीवरच्या खोलीतून हलवून स्वयंपाकघरात नेला, आणि वर कुणी बोलत असलं की वहिनींनी त्याच्यावर पातेलं पालथं घालायचं असा नियम केला. वहिनी पातेलं घालायच्या, पण डाळ त्याच पातेल्यात शिजायची असल्यामुळे पावण्यांच्या प्रयोगाची वेळ आणि आमच्या जेवणाची वेळ यांचं कधी जमलं नाही.

यंत्राला समजायचं तर शब्दाशब्दामध्ये थांबून बोलावं लागे. ही खोडही पावण्यांच्या अंगात मुरली. भाजी घ्यायला गेले तर म्हणायचे, "वांगी. कशी. दिली. मावशी." मावशींना वाटलं, म्हाताऱ्याला झटका आलाय. "दोन रुपये कमी करतो बाबा, पर तू आदी सावलीत बस," असं म्हणून त्यांनी वांगी आणि वर कोथिंबीर पिशवीत घातली. पावण्यांना घासाघीस न करता भाजी स्वस्त मिळते याचं सबंध घराला आश्चर्य वाटे.

पहिली तीन वर्षं एक मोठी चूक झाली आणि ती आम्ही दोघांनी मिळून केली. यंत्राला शिकवायला माणसांचे आवाज लागत. पावण्यांनी शेजारीपाजारी, गवळी, पोस्टमन असे धरून आणले आणि प्रत्येकाच्या हातात चौथीचं पुस्तक दिलं. माईक समोर आला की कोल्हापूरचा माणूस भाषणच करतो. त्यात हातात पुस्तक. परिणाम असा झाला की यंत्राला फक्त भाषण समजायला लागलं. एक दिवस वहिनी सहज त्याच्यापुढे म्हणाल्या, "दळण आणाय गेलतो, तर चक्की बंद हाय." आमच्याकडच्या बाया 'मी गेलो, मी आलो' असंच बोलतात. पडदा कोरा राहिला. वहिनींनी कमरेवर हात ठेवले. "तीन वर्सं ह्या डब्यावरची धूळ पुसतोय, आन् माझंच बोलनं कळंना व्हय ह्येला?"

पावण्यांनी यंत्र बंद केलं. मग चौथीची सगळी पुस्तकं रद्दीत गेली. "माणूस खरा कवा बोलतोय ठावं हाय का, पावणं?" त्यांनी मला विचारलं आणि स्वतःच सांगितलं, "ज्येच्याफुडं बोलाय येत न्हाय, त्येच्याबद्दल बोलताना." त्या दिवसापासून येणाऱ्या प्रत्येकाला ते एकच सांगायचे: ज्याला तोंडावर सांगता येत नाही, त्याच्याबद्दल बोला. या खोलीच्या बाहेर काही जाणार नाही. आणि माणसं बोलली! सासवांवर, साहेबांवर, वाटणीत बांध कोरणाऱ्या भावांवर. असा रसरशीत मजकूर त्या खोलीत जमला, की तो बाहेर पडता तर सबंध जिल्ह्याच्या बोलाचाली बंद पडल्या असत्या.

बोललेलं यंत्राला जुळवून द्यायला ते कुणीतरी लिहून काढावं लागे. ते काम माझं. मी एका शिक्षणसंस्थेच्या शाळेत हेडक्लार्क होतो, मराठी टायपिंगला माझा हात चांगला होता. कामाला बसण्याआधी पावण्यांनी आपला एक्स्चेंजमधला जुना हेडफोन काढला, माझा हात त्यावर ठेवला आणि वदवून घेतलं: "ऐकलं, जोडलं, विसरलं." मी तिन्ही शब्द म्हणालो. स्वतः पावणे कुणी बोलायला लागलं की खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसत. बोलणाऱ्याला आपलं तोंड दिसू नये म्हणून.

त्या यंत्रानं काय केलं तेही सांगतो. दुधाच्या टँकरवर एक ड्रायव्हर होता. टँकरच्या आवाजावर ओरडून ओरडून गळा असा झालेला की "चहा" म्हणाला तरी भांडण वाटे. बायको रुसून माहेरी गेलेली, सहीपलीकडे लिहिता येत नव्हतं. त्याला खोलीत बसवून पावण्यांनी मला आणि वहिनींना गच्चीवर नेलं आणि भर दुपारी उन्हात उभं केलं. तासाभरानं तो कागद घेऊन बाहेर आला, डोळे लाल. "दादा, ह्यातलं एक बी वाक्य मला तिच्याम्होरं बोलता आलं नसतं," म्हणाला. पंधरा दिवसांनी जोडपं पेढे घेऊन आलं. कागदावर काय होतं ते पावण्यांनी विचारलं नाही. मी विचारायला गेलो तर माझ्या पायावर पाय दिला.

मग हौसाबाई आल्या. आमच्याच शाळेत शिपाई, तरुणपणी विधवा झालेल्या, दोन पोरं. मी तिथे बसलेला पाहून त्या जरा बिचकल्या. "सायेब आपलंच हाईत," पावणे म्हणाले. हौसाबाईंनी माईककडे एकदा पाहिलं आणि सुटल्या. "पगार घेतो साळंचा आन् भाकरी थापतो चेअरमनच्या कुत्र्याच्या! त्येला शिळी चालत न्हाय म्हनं. माझी पोरं शिळी खात्यात, कुत्र्याला ताजी पायजे! आन् सव्वीस जानेवारीला ह्यो गडी माईकवर काय म्हंतोय, तर शिक्षणानं माणूस माणूस हुतोय. आरं, आदी तुझ्या कुत्र्याला कुत्रं ऱ्हाऊ दे की!" हे थांबत थांबत बोललेलं नव्हतं, तरी यंत्रानं त्यातलं अर्ध्याहून जास्त बरोबर पकडलं. पावणे भिंतीकडे तोंड करून बसले होते. त्यांचे खांदे हलत होते. हसत होते की रडत होते ते मला कळलं नाही.

पुढच्याच रविवारी दुपारी एका शिक्षकांच्या निरोपाचं जेवण मळ्यावर होतं. तांबडा रस्सा झाला, पान झालं, एकेक जण किस्से सांगायला लागला. मी सबंध नोकरीत कुणाला हसवलेलं नव्हतं. हेडक्लार्कच्या तोंडाकडे लोक रजेच्या अर्जापुरतं बघतात. त्या दिवशी मला काय झालं कोण जाणे. मी उभा राहिलो, कमरेवर हात ठेवला आणि हौसाबाईंचा आवाज काढला. मळा हसून लोळला. "पुन्हा! पुन्हा!" झालं. मी तीनदा केलं. कुणी म्हणालं, तुमच्या मनाचं असेल, तर मी छाती काढून सांगितलं, "पावण्यांच्या कॉम्प्युटरवर उतरलंय, शब्द न् शब्द!"

मळ्यावर हसलेल्यांपैकीच कुणीतरी, आपण हसलो हे लपवून, 'पावण्यांच्या कॉम्प्युटरवर आहे' एवढंच वर पोचवलं, आणि त्याच आठवड्यात चेअरमनसाहेबांनी मला केबिनमध्ये बोलावलं. ओरडले नाहीत. हौसाबाईंना नोकरीवरून का काढू नये, अशी कारणे दाखवा नोटीस त्यांनी सांगितली आणि मी टाइप केली. शुद्धलेखन तपासलं, जावक क्रमांक टाकला.

हौसाबाई ती नोटीस घेऊन पावण्यांच्या माडीवर आल्या. मी तिथेच होतो. त्यांनी कागद कीबोर्डवर ठेवला. "तुमच्या डब्यानं सांगितलं, दादा."

"यंत्राला तोंड न्हाय, बाई."

"मग सांगितलं कुनी?"

पावणे यंत्राच्या मागच्या वायरी तपासायला वाकले. उत्तर माझ्याकडे होतं. मी पंख्याकडे बघत राहिलो.

त्यानंतरचे आठ दिवस मी विसरू शकलेलो नाही. पावणे गळती शोधत होते. कॉम्प्युटर उघडून सतरंजीवर मांडला. मोडेम नाही याची पुन्हा खात्री केली. फ्लॉपीची खाच चिकटपट्टीनं बंद केली. भिंतीत जुन्या टेलिफोनच्या तारेचा एक तुकडा उरला होता, तो प्लास्टरसकट ओढून काढला, तेव्हा वहिनी म्हणाल्या, "आता छप्पर बी काढा." शेवटी त्यांना विजेचाच संशय आला. "वीज तारंतनंच येती की, पावणं. आली तशी जात बी आसंल." टँकरवाल्याकडून बॅटरी आणून त्यावर यंत्र चालतंय का ते पाहिलं. टेबलाखाली वाकलेले पावणे, आणि वर टॉर्च धरून मी. नोकरी जाईल म्हणून मी गप्प होतो असं सांगायला बरं वाटलं असतं. पण तसं नव्हतं. पावणे माझ्याकडे ज्या नजरेनं बघत, ती नजर जाईल म्हणून मी गप्प होतो. एकदा त्यांनी टेबलाखालून मान वर करून माझ्याकडे पाहिलं. नीट पाहिलं. "टॉर्च भलतीकडंच धरलाय, पावणं," म्हणाले. "थकलासा. जावा घरी."

दुसऱ्या दिवशी त्यांनी शोध थांबवला आणि संस्थेला पत्र दिलं. ते पत्र त्यांनी यंत्रालाच सांगितलं. "माझे यंत्र सदोष आहे. ते बोललेला मजकूर न लिहिता मनाचाच मजकूर लिहिते. श्रीमती हौसाबाई यांनी असे काहीही उच्चारलेले नाही. सर्व दोष माझा व माझ्या यंत्राचा आहे." स्वतःला खोटं ठरवणारं ते पत्र त्या यंत्रानं काना-मात्रेची चूक न करता लिहिलं. शाळेत ते माझ्या टेबलावर आलं. मी त्यावर आवकचा शिक्का मारला.

नोटीस मागे घेतली गेली. हौसाबाई निवृत्त होईपर्यंत नोकरीत राहिल्या, आणि कुत्र्याच्या भाकरीही त्यानंतर बंद झाल्या. गावाला मात्र हसायला नवीन विषय मिळाला. आमच्यात कुणी थाप मारली की "पावण्यांचा कॉम्प्युटर झालास की" असं म्हणायची पद्धत पडली. अंध मुलांसाठी काम करणारी काही माणसं यंत्र बघायला येणार होती. त्यांनी निरोप पाठवला, तूर्त राहू द्या. मी एकदाच धीर करून म्हणालो, "पावणं, तुमी लोकांस्नी एकदा चालवून तरी दावा." ते शांतपणे म्हणाले, "दावलं तर बाई खोटी पडती. हसूंद्यात की." त्यांनी बोलावता येतील तेवढ्या माणसांना एकेक करून बोलावलं आणि त्यांच्या देखत त्यांचे आवाज पुसले. माझा एकट्याचा ठेवला. "घरचा आवाज हाय," म्हणाले. हौसाबाई मला एकदा जिन्यात भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "दादानं माझ्यापायी पोटच्या पोरावानी जपलेल्या डब्याला येडं म्हटलं, सायेब. आसं कोन करतंय?" मी म्हणालो, "खरं आहे." एवढंच म्हणालो.

म्हणून आता साऱ्या पंगतीला ऐकू जाईल अशा आवाजात सांगतो. त्या खोलीतून तार बाहेर गेलेली नव्हती. त्या यंत्रानं कुणाचं काही सांगितलं नाही. त्यानं लिहिलेला सगळ्यात खोटा कागद पावण्यांनी स्वतः, शुद्धीवर राहून, एका बाईच्या नोकरीसाठी लिहवून घेतला. आज लोक खिशातल्या फोनशी बोलतात आणि ते बोलणं कुठल्या देशात जातं हे त्यांना ठाऊक नसतं. आमच्या माडीवरच्या त्या डब्यातलं बोलणं माडीवरच राहत होतं. गळका मी होतो.

शेवटच्या वर्षांत पावण्यांचे कान गेले. सगळ्या शहराचं ऐकलेल्या माणसाशी आता ओरडून बोलावं लागे, आणि आमच्या गल्लीत ओरडून सांगण्यासारखं माझं ते बोलणं नव्हतं. एका संध्याकाळी मी त्यांच्याजवळ नुसताच बसलो होतो. तोंड उघडत होतो, मिटत होतो. त्यांच्या ते लक्षात आलं. उठून त्यांनी कॉम्प्युटर सुरू केला, माईक माझ्यापुढे ठेवला. "माझ्या कानात काय ऱ्हायलं न्हाय, पावणं. त्येला सांगा. मी मागनं वाचतो." आणि सवयीनं खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसले.

मी म्हणालो, "पावणं."

पडद्यावर उमटलं: पावणं.

इतक्या वर्षांनीही त्यानं माझा आवाज ओळखला होता. खाली वहिनी भांडी लावत होत्या. समोर पावण्यांची वाकलेली पाठ होती आणि पांढऱ्या केसांत हेडफोनची पट्टी जिथे बसायची ती जागा अजून दबलेली दिसत होती. किती वेळ गेला ते मला सांगता येणार नाही. त्यांना मात्र सांगता आलं. भिंतीकडे बघतच त्यांनी हात वर केला.

"तीन मिनिटं झाली, पावणं. वाढवू?"

"नको," मी म्हणालो.

पडद्यावर तेही उमटलं. त्यांनी वळून ते दोन शब्द वाचले, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि यंत्र बंद केलं. त्या दिवाळीला ते गेले.

वाढवा, पावणं. शब्दाशब्दामध्ये थांबून सांगतो, तुम्ही शिकवलं तसं.

मळ्यावर. मीच. बोललो. तुमचं. यंत्र. खरं. होतं. मला. माफ. करा.